ज्या सिनेमात कुणी मरत नाही

सिनेमा ऐन रंगात आला की देवस्थळीकाका तो थांबवायचे. पडद्यावर गुत्त्यात दोन मित्र समोरासमोर उभे असायचे. दोघांच्या कमरेला पिस्तुलं, डोक्यावर हातभर काठाच्या टोप्या, आणि दोघं गाण्यातून एकमेकांची उणीदुणी काढत असायचे. आता पुढचं कडवं काय येतंय म्हणून आम्ही सरसावून बसलेलो असताना काका रिमोट दाबायचे, उठून टीव्हीजवळ जायचे आणि चित्राच्या अगदी कडेला बोट ठेवायचे. तिथे दाराबाहेर पांढऱ्या कपड्यातला एक माणूस घोड्याचा लगाम धरून उभा असायचा.

"हा बघा. पाऊण तास उभा आहे. याला एक वाक्य नाही. याचं नाव काय असेल?"

आम्ही हसायचो. काकांना ते हसणं आवडायचं नाही, हे कळायला मला दोन वर्षं लागली.

सिंगापूरच्या पुंगोल भागात ते आमच्याच ब्लॉकमध्ये राहायचे, आम्ही अकराव्या मजल्यावर आणि ते चौदाव्या. आयुष्याचा पहिला भाग त्यांनी बोटीवर इंजिनिअर म्हणून काढला होता. नंतर हार्बरफ्रंटच्या एका जहाज कंपनीत किनाऱ्यावरची नोकरी धरली, इथलेच नागरिक झाले आणि निवृत्त झाले. पस्तीस वर्षांपूर्वी त्यांची बोट मेक्सिकोत वेराक्रूझ बंदरात चार महिने अडकून पडली होती. बंदराजवळ एका म्हातारीची खानावळ होती आणि तिथल्या टीव्हीवर रोज दुपारी जुने कृष्णधवल सिनेमे लागायचे, सगळे खेड्यातले, गाण्यांचे आणि विनोदी. काका बघत बघत स्पॅनिश शिकले आणि या सिनेमांचा नाद त्यांना लागला तो कायमचा.

दर शनिवारी दुपारी चार वाजता त्यांच्याकडे सिनेमा असायचा. आम्ही सात-आठ मराठी माणसं जमायचो. नलिनीकाकूंची कॉफी, चिवडा, आणि काकांनी स्वतः टाइप केलेली चित्राखालची मराठी वाक्यं. पहिले काही शनिवार मला सगळे सिनेमे एकच वाटले. मोठी शेतवाडी, दोन तालेवार मित्र, एक मुलगी. खिडकीच्या गजांखाली उभं राहून गाणं, मागे न बोलावता हजर होणारे वादक. मग जत्रा, घोड्यांची शर्यत, कोंबड्यांची झुंज, एखादी मूर्ख पैज, गैरसमज, गुत्त्यात गाण्याची जुगलबंदी, आणि शेवटी दोघांची गळाभेट आणि एकाच मांडवात दोन लग्नं. हळूहळू मलाही ते आवडायला लागले. आपल्याकडच्या सवाल-जवाबाशी त्यांचं कुठेतरी नातं आहे असं काका म्हणायचे आणि ते पटायचं.

माझी मुलगी ईरा तेव्हा नऊ वर्षांची होती. एकदा तिने इथल्या मुलांच्या इंग्रजीत विचारलं, "आजोबा, so many guns, why nobody die one?"

काका तिच्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, "या सिनेमात कुणी मरत नाही. गोळी बाटलीला लागते नाहीतर टोपीला. म्हणून तर बघायचा."

त्यांच्या काही सवयी मात्र विचित्र होत्या. घरातलं कुठलंही दार ते पूर्ण लावू द्यायचे नाहीत. लिफ्टमध्ये शेवटी शिरायचे आणि दार मिटेपर्यंत त्यावर हात ठेवून असायचे. इथल्या प्रत्येक नव्या फ्लॅटमध्ये युद्धाच्या वेळी लपायला एक छोटी काँक्रीटची खोली असते, तिला जाड पोलादी दार असतं. सगळे तिचा अडगळीसाठी वापर करतात. काकांची ती खोली पूर्ण रिकामी होती आणि तिचं दार नायलॉनच्या दोरीने भिंतीतल्या हुकाला बांधून कायम सताड उघडं ठेवलेलं होतं. गाठ दर शनिवारी सिनेमाआधी ते तपासायचे.

एका शनिवारी ईराने लपाछपीत ती गाठ सोडली आणि आत जाऊन दार ओढून घेतलं. आम्हाला पत्ताही नव्हता. काका सिनेमा बघता बघता एकदम उठले. दार बंद झाल्याचा आवाज बाकी कुणीच ऐकला नव्हता. मी मागून गेले तेव्हा त्यांनी दार उघडलं होतं, ईरा आत हसत उभी होती आणि काका तिच्यासमोर जमिनीवर गुडघे टेकून बसले होते. त्यांचा चेहरा राखेसारखा झाला होता. त्यांनी तिला नाव विचारलं. तिने सांगितलं. परत विचारलं. मग तिच्या पाठीवर हात ठेवून तिचे श्वास मोजत बसले, तोंडाने, एक, दोन, तीन. पंचवीसपर्यंत मोजले. घरी येताना ईरा म्हणाली, आजोबांचा हात खूप थंड होता. मीही त्या दिवशी पहिल्यांदा त्यांना घाबरले, आणि कशाला घाबरले ते मला सांगता आलं नसतं.

शनिवारच्या मंडळींत एक मानकरी होते, कॅप्टन बापट. काका सेकंड इंजिनिअर होते त्याच बोटीवर बापट चीफ ऑफिसर होते. वेराक्रूझचे चार महिने दोघांनी बरोबर काढलेले. पुढे बापट कॅप्टन झाले, सिंगापूरला आले आणि आमच्या मराठी मंडळाचे अध्यक्ष झाले. उंच, देखणे, आवाज भारदस्त. कुणाला नोकरी, कुणाला घर, कुणाला शाळा, बापट सगळ्यांच्या मदतीला असायचे. काका आणि ते एकमेकांना अरेतुरे करायचे, पडद्यावरच्या जुगलबंद्या स्पॅनिशमध्ये तोंडपाठ म्हणायचे. फक्त एका गोष्टीत त्यांचं जमायचं नाही. या सिनेमांत नायकाचा एक दारुडा जोडीदार असतो. तो झोकांड्या खातो, घोड्यावर उलटा बसतो आणि लोक हसून बेजार होतात. तो आला की बापट मांडीवर थाप मारून हसायचे. काका पाणी प्यायला उठायचे. दर वेळी. मला वाटायचं, त्यांना तहान फार लागते.

मंडळाच्या दिवाळीच्या कार्यक्रमात काही वेगळं करावं अशी टूम निघाली आणि काकांनी तसलाच एक खेळ मराठीत लिहिला. खैरवाडी नावाचं गाव, पुठ्ठ्याचे घोडे, पाटलाची मुलगी आणि सत्तरीला टेकलेले दोन उमेदवार. एक काका आणि एक बापट. मी प्रॉम्प्टर, म्हणजे विंगेत वही धरून बसणारी. तालमी पुंगोलच्या कम्युनिटी क्लबच्या एका खोलीत व्हायच्या. जुगलबंदी छान जमली होती. बापट म्हणायचे,

"घोडा तुझा लंगडा आणि पागोटं उसनं,
पाटलाच्या दारात तुझं कशाला रे बसणं?"

आणि काका उलट फिरवायचे,

"घोडा माझा लंगडा, तरी येतो तुझ्यापुढे,
बढायांच्या ओझ्यानं तुझं शिंगरू खाली पडे."

तिसऱ्या तालमीला काकांनी मध्येच एक कडवं घातलं. ते वहीत नव्हतं.

"मिशीला तूप लावतोस, बोलतोसही फार,
खाली कोण राहिलंय रे, लावून घेतलंस दार?"

तबलेवाल्याला ते आवडलं, त्याने जोरात ठेका दिला. बापट हसत होते ते थांबले. ही ओळ कुठली, असं त्यांनी विचारलं. सुचली, असं काका म्हणाले. नंतरच्या प्रत्येक तालमीत एक नवं कडवं येत गेलं. एकात टॉर्च होता, एकात शिडी. खैरवाडीच्या गोष्टीत यातलं काहीच नव्हतं. बाकीच्यांना मजा वाटत होती. मी वहीवर बोट ठेवून बसलेली असायचे, त्यामुळे काका कधी लिहिलेलं सोडून जातात ते मला सगळ्यांच्या आधी कळायचं. ते नेमके बापटांच्या डोळ्यांत बघायला लागायचे. आणि बापट दर तालमीला काकांपासून थोडे लांब उभे राहायला लागले होते.

कार्यक्रमाला आठवडा राहिला असताना बापट मला आमच्या लिफ्टमध्ये भेटले. बरोबर दुसरं कुणी नव्हतं. ते नेहमीच्या प्रेमळ आवाजात म्हणाले, "प्रॉम्प्टर तुम्हीच ना? माधवचं, तुमच्या देवस्थळीकाकांचं, वय झालंय. त्या दिवशी त्याने वहीबाहेरचं काही म्हटलं तर साउंडवाल्याला हात दाखवा, तो त्याचा माइक बंद करेल. मी सांगून ठेवलंय."

अकरावा मजला आला, दार उघडलं.

"तुमचा पीआरचा अर्ज अजून आत आहे ना?" ते म्हणाले. "मंडळाचं पत्र मीच दिलं होतं तुम्हाला."

ते हसले आणि दार मिटलं. इथे कायमचं राहता येणार की नाही ते त्या अर्जावर ठरणार होतं.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी काकांना कालव्याकाठच्या वाटेवर गाठलं आणि सरळ विचारलं. ते एका बाकावर बसले. समोरून मुलं सायकली हाकत जात होती. त्यांनी खिशातून फोन काढून मला एक निरोप वाचायला दिला. तो चिपळूणच्या एका नर्सचा होता. तिने लिहिलं होतं की तुम्ही आणि बापटसाहेब माझ्या वडिलांबरोबर बोटीवर होता असं कळलं. माझे वडील दत्ताराम, फिटर होते. ते दारू पिऊन टाकीत उतरले आणि गेले असं कंपनीने कळवलं होतं. आई आता फार दिवसांची नाही. ती रोज एकच विचारते, ते खरंच प्याले होते का? तुम्हाला माहीत असेल तर सांगा.

मग काकांनी सगळं सांगितलं. ते रस्त्याकडे बघत बोलत होते.

बोट वेराक्रूझला लागायच्या आधीच्या दिवसांतली गोष्ट. बोटीच्या पोटातल्या पाण्याच्या एका रिकाम्या टाकीतला पाइप गळत होता आणि बंदरात तपासणी होण्याआधी तो दुरुस्त व्हावा अशी बापटांची घाई होती. त्या टाकीचं झाकण वर्षभर उघडलेलं नव्हतं. बंद टाकीत लोखंड गंजत राहतं आणि गंज हवेतला प्राणवायू खाऊन टाकतो. वास येत नाही, धूर दिसत नाही, माणूस उतरतो आणि चार श्वासांत कोसळतो. म्हणून आधी दिवसभर पंखा लावून हवा भरायची, मग मीटरने तपासायची, मग परवानगीचा कागद करायचा आणि मगच माणूस उतरवायचा असा नियम. मीटर बंद पडलेलं होतं. पंखा अर्धा तास चालला होता. बापट म्हणाले, पुरे. काकाही म्हणाले, पुरे. आणि फिटर काकांच्या हाताखालचा होता.

"शिडीवर थांबून त्याने माझ्याकडे बघितलं," काका म्हणाले. "विचारलं, साहेब, जाऊ ना? मी जा म्हणालो."

खालून एकच हाक आली होती, साहेब अशी. काकांना वाटलं, टॉर्च मागतोय. ते टॉर्च आणायला वळले.

परवानगीचा कागद नंतर कधीच केला नाही. त्याऐवजी दुसरा कागद केला. दत्ताराम कुणालाही न विचारता, दारूच्या नशेत खाली उतरला. बाटली बापटांनी त्याच्या लॉकरमध्ये ठेवली. काका तिथे उभे होते. कागदावर दोघांनी सह्या केल्या. चौकशीत बोट चार महिने अडकली, आणि त्या चार महिन्यांत काका रोज दुपारी खानावळीत बसून ते सिनेमे बघत राहिले. इतक्या गोळ्या सुटायच्या आणि कुणी मरायचं नाही, तेवढंच त्यांना बघवत होतं.

"तो सुपारीसुद्धा खात नव्हता," ते म्हणाले.

बापटांनी काय सल्ला दिला, तेही त्यांनी सांगितलं. उत्तर देऊ नकोस. म्हातारी गेली की विषय संपेल. मी विचारलं, मग तुम्ही एकटेच का नाही फोन करत? नीट बोलायला गेलं की जमत नाही, गाण्यात निघतं, असं काहीसं म्हणाले. आणि मग म्हणाले, "खोटं दोघांनी सांगितलं, मनीषा. खरंही दोघांनी सांगायला हवं. मी त्याची वाट बघतोय."

कार्यक्रम रविवारी दुपारी होता. क्लबचा हॉल भरलेला. पैठण्या, कुर्ते, मागे धावणारी मुलं. मी विंगेत वही घेऊन बसले होते आणि समोरच्या विंगेत साउंडवाला माझ्याकडे बघत होता. पहिली चार कडवी वहीतली झाली. हशा, टाळ्या. मग काका एक पाऊल पुढे आले आणि बापटांच्या डोळ्यांत बघू लागले. मला कळलं. साउंडवाल्यालाही माझ्या चेहऱ्यावरून कळलं असावं, त्याने भुवया उंचावल्या. मी दोन्ही हात वहीखाली धरून ठेवले.

"विहिरीत गडी उतरवला, वर उभे आपण,
पिऊन पडला म्हणालो, नि घातलं वर झाकण."

हॉल हसला. गावातल्या दारुड्याची काहीतरी गोष्ट असणार असं लोकांना वाटलं. पहिल्या रांगेत बापटांची बायकोही हसत होती. तबलेवाला ठेका धरून होता, उत्तराची वाट बघत. तो ठेका आठ-दहा वेळा फिरला. बापटांचं तोंड किंचित उघडं होतं. मला वाटलं, आता हा माणूस काहीतरी बोलेल. काकांच्या चेहऱ्यावर तर मी इतकी आशा कधीच पाहिली नव्हती.

बापटांनी घसा खाकरला आणि वहीतलं पुढचं कडवं म्हटलं. स्वच्छ, भारदस्त आवाजात, हातवारे करून. टाळ्या पडल्या. वहीत पुढे गळाभेट होती. तीही त्यांनी केली. दोन्ही हातांनी काकांना आवळून धरलं, लोक उभे राहिले, शिट्ट्या वाजल्या, आणि त्या गोंधळात मी बसले होते तिथे, विंगेच्या अगदी कडेला, मला बापटांचा दबका आवाज ऐकू आला. "मी नाही येणार. तुला मरायचं तर तू एकटा जा."

पडदा पडल्यावर काका पागोटं काढून तिथेच पुठ्ठ्याच्या घोड्याशेजारी बसून राहिले. मी पाणी दिलं. त्यांनी ते प्यायलं नाही.

सोमवारी सकाळी त्यांनी चिपळूणला फोन केला आणि बुधवारी एकटेच गेले. नलिनीकाकूंना त्यांनी जाण्याच्या आदल्या दिवशी सांगितलं होतं. काकूंनी त्यांची बॅग भरून दिली, पण त्यांच्याशी एक शब्द बोलल्या नाहीत. पस्तीस वर्षं मी कुणाच्या शेजारी जेवत होते, असं त्या मला म्हणाल्या आणि भांडी घासायला लागल्या. भांडी आधीच घासलेली होती.

गुहागरच्या बाजूला दत्तारामच्या गावच्या घरात काय झालं ते काकांनी परत आल्यावर मला थोडक्यात सांगितलं. दत्तारामची बायको खाटेवर होती. तिने सगळं ऐकून घेतलं. रडली नाही. एकच विचारलं, त्यांनी हाक मारली होती का? काका हो म्हणाले. मग तिने मुलीला सांगून दीर, जावा, शेजारपाजारचे असे सगळे अंगणात बोलावले आणि काकांना म्हणाली, आता हेच त्यांना सांगा, मला इथून ऐकू येईल. काकांनी उभं राहून सगळ्यांसमोर सांगितलं. कुणी त्यांच्या अंगावर आलं नाही. कुणी पाणीही विचारलं नाही. गाडीपर्यंत ती नर्स तेवढी बरोबर आली, आणि हे लिहून द्याल का, असं तिने विचारलं.

त्यानंतर शनिवारचे सिनेमे झाले नाहीत. मंडळात कुजबुज सुरू झाली. माधव देवस्थळीच्या डोक्यावर परिणाम झालाय, मेक्सिकोचे सिनेमे बघून बघून, असं लोक म्हणायला लागले. हे कोण पसरवतंय ते मला माहीत होतं. माझा पीआरचा अर्ज नामंजूर झाला. त्याचा याच्याशी काही संबंध होता असं मी म्हणणार नाही, मला ते माहीत नाही.

काकांना त्यानंतर मी पाहिलं ते हार्बरफ्रंटला. माझं ऑफिस तिथेच आहे. जेवणाच्या सुट्टीत खाली आले तर पाण्याकडेच्या कठड्याशी काका आणि कॅप्टन बापट उभे होते. मी थांबले. बापट चष्मा लावून दोन पानी कागद वाचत होते. सावकाश, प्रत्येक ओळ. दुसरं पान उलटून परत पहिल्यावर आले. मग त्यांनी कागद काकांच्या हातात दिला, काहीतरी थोडकं बोलले आणि एमआरटी स्टेशनच्या दिशेने निघाले. माझ्या अगदी जवळून गेले. त्यांनी मला पाहिलं नाही, किंवा पाहिल्याचं दाखवलं नाही. एवढा उंच माणूस, पण चालताना एक हात भिंतीला लावून चालला होता.

मी काकांजवळ गेले आणि कॅप्टन काय म्हणाले ते विचारलं.

"म्हणाला, दत्ताराम गेला तो वार चुकलाय," काका म्हणाले. "मंगळवार नव्हता. सोमवार होता."

मग त्यांनी माझ्या हातातली फाइल मागून घेतली, तिच्यावर कागद ठेवला, मंगळवार खोडून सोमवार लिहिलं आणि बाजूला छोटी सही केली. बरोबर आहे त्याचं, म्हणाले, सोमवारच होता. त्या नर्सने मागितलेल्या निवेदनाच्या शेवटी त्यांची मोठी सही होती. तिच्या खाली दुसऱ्या सहीसाठी पट्टीने एक रेघ ओढलेली होती. ती कोरी होती. ती खोडायची का, असं मी विचारलं. त्यांनी नकारार्थी मान हलवली, कागदाची घडी घातली, पाकिटात सरकवली, आणि फेरीबोटीतून उतरलेल्या माणसांच्या लोंढ्यातून वाट काढत पोस्टाकडे चालू लागले.